मागच्या सीटचं कोण ऐकतं?

स्पीडब्रेकर ओलांडल्यावर तुमची गाडी किती वेळा मान डोलावते, मोजलंय कधी? एकदा डोलावून गप्प बसत असेल, तर खुशाल पुढचं पान उलटा, हे तुमच्यासाठी नाही. पण एकदा, दोनदा, अडीचदा... आणि मागे बसलेल्याच्या हातातली कॉफी थेट त्याच्या शर्टवर, असं होत असेल तर बॉस, थोडा वेळ काढा. तुमच्या गाडीचे मागचे शॉकअप रिटायर झालेत, आणि त्यांनी तुम्हाला साधी नोटीससुद्धा दिलेली नाही.

गाडीतल्या बाकीच्या गोष्टी बिघडल्या की कशा बोंब मारतात! बॅटरी गेली की सोमवारी सकाळी नेमकी गाडी चालू होत नाही. ब्रेक पॅड संपत आले की किरकिरतात. क्लच गेला की चढावर चारचौघांत इज्जत जाते. शॉकअपचं तसं नाही. तो रोज चिमूटभर मरतो, आणि त्याच वेगाने आपल्याला सवय होत जाते. दोन वर्षांपूर्वीची आपलीच गाडी आज अचानक चालवायला मिळाली तर आपण उडू, की अरे, ही एवढी सॉलिड चालायची? पण ती तुलना करायला मिळतच नाही. त्यात मागचे शॉकअप गेले तर ड्रायव्हरला कळायचा चान्स सगळ्यात कमी, कारण तो पुढे बसतो. धक्के खायला मागचे.

आमच्या घरात हे सगळ्यात आधी कळलं ते मावशीला.

मावसभावाची फोक्सवॅगन पोलो आहे. २०१६ ची, लाल, आपल्या चाकणमध्येच बनलेली. (ही गाडी भारतात २०१० साली आली आणि २०२२ मध्ये तिचं इथलं उत्पादन थांबलं. तरी आयटीवाल्यांच्या कुठल्याही पार्किंगमध्ये पाच मिनिटं उभे राहा, एक तरी दिसतेच.) रीडिंग ९२ हजार. मावशी नेहमी मागे बसते, तिला तिथे पाय आडवे टाकता येतात. वर्षभर तिचं चालू होतं, "अरे हळू चालव रे, मागे फार आपटतं." त्यावर दादाचं ठरलेलं उत्तर, "अगं आई, रस्तेच तसे आहेत." आता रस्ते तसे आहेतच, त्यामुळे वाद तिथेच मिटायचा. मग गेल्या गणपतीला माणगावला जायचं निघालं, आणि मावशी म्हणाली, तुम्ही व्हा पुढे, मी आपली एसटीने येते. कमरेला पट्टा लावून, ताम्हिणी घाटातून, एसटीने! तेव्हा कुठे वहिनी स्वतः मागच्या सीटवर जाऊन बसली आणि दादाला म्हणाली, "चल, एक राउंड मार." बाणेरातल्या त्या एका राउंडमध्ये निकाल लागला.

वहिनी मेकॅनिकल इंजिनीअर आहे. म्हणजे पुण्यातल्या कित्येक मेकॅनिकल इंजिनीअरांसारखी सॉफ्टवेअर टेस्टिंग करते. सर्व्हिस सेंटरचं एस्टिमेट आलं, १७ हजारांच्या वर. त्यात मागचे दोन शॉकअप होते, ते ठीक. पण सोबत अलाइनमेंट, बॅलन्सिंग, ओव्हरहॉलचं लेबर आणि गाडीच्या पोटाला कसलंसं कोटिंग. टेस्टरच तो, एकेका ओळीवर बोट ठेवून विचारत गेली, हे कशाला? समोरचा सर्व्हिस अॅडव्हायजर कॉम्प्युटरकडे बघून म्हणाला, मॅडम, पॅकेजच तसं आहे. वहिनीने कागद घडी करून पर्समध्ये टाकला आणि पार्किंगमध्ये येऊन जाहीर केलं, की हे आपण घरी करायचं. दादाचा चेहरा बघण्यासारखा होता.

इराण्याचा दरवाजा, ऑफिसचा दरवाजा

आधी फंडे क्लिअर करू. शॉकअप, म्हणजे शॉक अॅब्सॉर्बर, हे नावच मुळात गंडवणारं आहे. धक्का तो खात नाही. धक्का खाते स्प्रिंग. गाडीचं वजनही स्प्रिंगच पेलते. पण स्प्रिंगची खोड अशी, की एकदा दाबली की ती वर-खाली, वर-खाली नाचतच राहते. तिला गप्प बसवायचं काम शॉकअपचं.

जुन्या इराणी हॉटेलातला तो अर्धा झुलता दरवाजा आठवा. ढकलला की चार वेळा आत-बाहेर करतो, मागून येणाऱ्याच्या नाकावर आपटतो. आता तुमच्या ऑफिसचा काचेचा दरवाजा बघा. ढकला, सोडा, शहाण्यासारखा हळूच येऊन बंद होतो. कारण त्याला डोअर क्लोजर आहे, आणि त्याच्या पोटात तेल आहे, जे बारीक छिद्रातूनच पलीकडे जाऊ शकतं. शॉकअप म्हणजे हेच तत्त्व, उभं करून चाकापाशी बसवलेलं. नळकांड्यात तेल, तेलात दट्ट्या, दट्ट्याला बारीक छिद्रं आणि झडपा. चाक उसळलं की दट्ट्या तेलातून सरकतो, तेल त्या छिद्रांतून जबरदस्तीने जातं, आणि उसळीतली ताकद तेलाच्या उष्णतेत खर्च होते. खराब रस्त्यावरून आल्यावर शॉकअपला हात लावला तर तो कोमट लागतो, ते याचमुळे. एक कोमट आणि दुसरा थंडगार लागला तर थंडगाराने काम सोडलंय असा संशय घ्यायला जागा आहे. (हात लावताना सायलेन्सरपासून लांब. तो कोमट नसतो.)

दुकानात तुम्हाला कोणीतरी "गॅसवाला घ्या, एकदम भारी" म्हणणारच. गॅसवाल्या शॉकअपमध्येही काम तेलच करतं. दाबाखालचा नायट्रोजन आत असतो तो तेलाला फेस येऊ नये म्हणून. फेसाळलेलं तेल छिद्रातून सुळकन जातं, मग कसला विरोध आणि कसलं काय. पोलोसारख्या गाड्यांत मुळातच गॅसवाले असतात, त्यामुळे त्यासाठी जादा पैसे मोजून काही खास मिळवल्यासारखं वाटून घेऊ नका.

हा धंदा आपल्या अंगणातलाच आहे, बरं का. गॅब्रियल इंडियाने १९६१ मध्ये शॉकअप बनवायला सुरुवात केली ती मुंबईत, मुलुंडला. आज चाकणलाही त्यांचा कारखाना आहे.

आता खरा मुद्दा, टेन्शन घेण्यासारखा. शॉकअप गेला की फक्त कंबर दुखते असं नाही. उसळणारं चाक क्षणभर रस्त्यावर नीट टेकलेलंच नसतं, आणि न टेकलेलं चाक ना ब्रेक मारू शकतं, ना वळू शकतं. ताम्हिणीत पाऊस पडतोय, वळणावर रस्ता उखडलाय, तुम्ही ब्रेक दाबलाय आणि गाडीचं मागचं अंग टुणकन बाजूला सरकलं, हे त्याचंच काम. एबीएस आहे म्हणून निश्चिंत राहू नका. एबीएसलाही टायर रस्त्यावर टेकलेला लागतो.

गेलाय की नाही, कसं ओळखायचं?

सगळ्यांना माहीत असलेली टेस्ट म्हणजे डिकीवर दोन्ही हातांनी जोर देऊन दाबायचं आणि सोडायचं. गाडी वर येऊन थांबली तर बरी, झुलत राहिली तर गेली. पण हल्लीच्या गाड्यांच्या स्प्रिंगा कडक असतात, त्यामुळे निम्मा मेलेला शॉकअपही या परीक्षेत काठावर पास होतो. झुलली तर शॉकअप नक्की गेलाय, नाही झुलली तर काहीच सिद्ध होत नाही, एवढाच तिचा अर्थ.

त्यापेक्षा टॉर्च घेऊन चाकामागे डोकवा. नळकांड्यावर तेलाचा पुसट थर आणि त्यावर धूळ, हे चालतं. ओघळ आला असेल, ओलं चकचकीत असेल, तर सील गेलं, आतलं तेल बाहेर यायला लागलं. नंतर मागच्या टायरवरून तळहात फिरवा. ठरावीक अंतरावर खळगे लागले, टायर लाटांसारखा झिजलेला वाटला, तर ते चाक रस्त्यावर नाचत आलंय. दादाच्या गाडीला हे दोन्ही होतं. डाव्या शॉकअपवर तेलाचा ओघळ, आणि दोन्ही टायर खवल्याखवल्यांचे. बिचारा टायरवाल्याला शिव्या देत होता.

खड्ड्यात "खट्ट" असा कोरडा आवाज येत असेल तर मात्र घाई नको. तो पुष्कळदा शॉकअपचा नसतोच, बुशचा किंवा वरच्या माउंटिंगच्या रबराचा असतो.

बदलायचे तर दोन्ही बदलायचे, हेही लक्षात ठेवा. एकच गेला असला तरी. एक बाजू घट्ट आणि एक सैल अशी गाडी वळणावर एका बाजूला वेगळी वागते आणि दुसऱ्या बाजूला वेगळी. आणि ज्या रस्त्याने एक मारला, त्याच रस्त्याने दुसराही चाललेला असतोच.

मागचे हो, पुढचे नाही

यावर मी अजिबात तडजोड करणार नाही. घरी फक्त मागचे करा, तेही स्प्रिंग वेगळी असेल तरच. पोलोच्या मागच्या बाजूला दोन चाकांना जोडणारा एक आडवा बीम असतो, त्यावर स्प्रिंग वेगळी उभी असते आणि शॉकअप तिच्याशेजारी वेगळा. शॉकअप काढला तरी स्प्रिंग आपल्या जागी. आपल्याकडच्या बऱ्याच हॅचबॅकची रचना अशीच आहे. पण काही गाड्यांत स्प्रिंग शॉकअपच्याच अंगावर गुंडाळलेली असते, आणि बहुतेक गाड्यांत पुढे तर असतेच असते. ती स्प्रिंग दाबून बांधलेली असते. वरचा नट चुकीच्या वेळी सोडलात तर ती तोफगोळ्यासारखी सुटते. तिला आवळून धरायचं वेगळं हत्यार असतं, आणि ते वापरायला सरावाचा हात लागतो. शिवाय पुढचं काम झालं की अलाइनमेंट बघावी लागते. मागे, पोलोसारख्या बीमवाल्या गाडीत, शॉकअपने चाकाचा कोन ठरत नाही, त्यामुळे अलाइनमेंटचा प्रश्न येत नाही. तो १७ हजारांचा कागद आठवतोय ना?

तेव्हा चाकामागे डोकावा. स्प्रिंग आणि शॉकअप दोन वेगळ्या गोष्टी दिसल्या, तर पुढे वाचा. एकात एक दिसल्या, तर गाडी गॅरेजला द्या आणि वाचलेल्या रविवारी सिनेमा बघा.

सामान

शॉकअप घेताना गाडीचा चेसिस नंबर सांगूनच घ्या. एकाच नावाच्या गाडीत इंजिन आणि वर्षाप्रमाणे पार्ट बदलतो, आणि "सेमच आहे मॅडम, बसतो" यावर विश्वास ठेवणं म्हणजे अर्ध्यात काम सोडून पुन्हा दुकानात जाणं, तेही बस पकडून, कारण गाडी उचललेली आहे. बिल घ्या. नकली मालाचा सुळसुळाट आहे. शॉकअपबरोबर रबराचा बंप स्टॉपर, धुळीपासून वाचवणारं नळीसारखं कव्हर आणि वरची माउंटिंगंही नवी घ्या. त्यांचं वयही तेवढंच झालेलं असतं. बोल्टही नवे. फोक्सवॅगनच्या सस्पेन्शनमधले बरेच बोल्ट ठरावीक जोराने आवळून मग आणखी ठरावीक अंशात फिरवायचे असतात. त्यात ते किंचित ताणले जातात, म्हणून एकदाच वापरायचे. दादा-वहिनीचं हे सगळं आठ हजारांच्या आसपास आलं.

हत्यारांत रॅचेट आणि गोट्यांचा सेट, दोन रिंग पाने, टॉर्क रेंच, एक हायड्रॉलिक ट्रॉली जॅक, गाडीसोबत आलेला साधा जॅक आणि दोन जॅक स्टँड, ज्यांना गॅरेजवाले घोडी म्हणतात. पोलोत बऱ्याच ठिकाणी ताऱ्याच्या तोंडाचे स्क्रू असतात, तेव्हा तो टॉर्क्सचा सेटही. हे सगळं विकत घेतलंत तर पहिल्या वेळी पैसे वाचणार नाहीत, उघड सांगते. वाचवायचेच असतील तर ओळखीच्या गॅरेजवाल्या काकांकडून एका दिवसासाठी मागून आणा. वहिनीने तेच केलं. काकांनी घोड्या दिल्या, टॉर्क रेंच दिला, आणि वर दम दिला, "जॅकवर ठेवून खाली शिरायचं नाही. चाललं असतं तर मी घोड्या विकत कशाला घेतल्या असत्या?"

या एका वाक्यापुढे बाकीचा लेख विसरलात तरी चालेल. गाडीसोबत येणारा जॅक हा चाक बदलण्यासाठी असतो. तो सरकतो. ट्रॉली जॅकचं सील बसलं तर तोही खाली येतो, आणि दीड टन लोखंड खाली यायला एक सेकंदही लागत नाही. विटा नाहीत, सिमेंटचे ब्लॉक नाहीत. वीट आधी तडकून मग बसत नाही, ती एकदम फुटते. घोडीच. आणि चाक काढलं की ते गाडीच्या कडेखाली आडवं सरकवून ठेवा. घोडी दगा देईलच असं नाही, पण दिलाच तर मध्ये चाक आहे.

रविवार

सोसायटीचे नियम आधी बघून घ्या. पार्किंगमध्ये गाडी दुरुस्त करू नये, तेल सांडू नये, असे फलक पुष्कळ ठिकाणी असतात. बेसमेंटचा उतार तर विसराच. जागा सपाट आणि पक्की हवी. बाणेरच्या सोसायटीत पेव्हर ब्लॉक आहेत, आणि घोडीचे पाय त्यांच्या फटीत रुततात, म्हणून खाली जाड प्लायवूडचे तुकडे घातले. सेक्रेटरींना वहिनीने आदल्या दिवशी फोन केला होता. ते स्वतःच खुर्ची टाकून बघायला येऊन बसले, ती गोष्ट वेगळी.

आदल्या रात्री एक काम करून ठेवा. सगळ्या बोल्टांवर गंज सोडवणारा स्प्रे मारा. रात्रभर मुरू द्या. नऊ पावसाळे पाहिलेला बोल्ट सकाळी नम्रपणे सुटायला हवा असेल तर ही लाच द्यावीच लागते.

आता गंमत बघा. आपण गाडी उचलताना हँडब्रेक ओढतो आणि निर्धास्त होतो. पण हँडब्रेक बहुतेक गाड्यांत मागच्या चाकांना लागतो, आणि आपण मागचीच चाकं हवेत उचलणार आहोत! जमिनीवर उरलेली पुढची चाकं मोकळीच. म्हणून गाडी पहिल्या गिअरमध्ये ठेवायची, ऑटोमॅटिक असेल तर पार्कमध्ये, आणि पुढच्या दोन्ही चाकांना दोन्ही बाजूंनी लाकडी ठोकळे लावायचे. चाकाचे बोल्ट गाडी जमिनीवर असतानाच अर्धा फेरा सैल करायचे. (पोलोला चाकावर नट नसतात, बोल्ट असतात. त्यामुळे चाक परत लावताना ते एका हाताने तोलून धरत भोकं जुळवावी लागतात. इथे दादाच्या जिमचा पहिल्यांदा काही उपयोग झाला.)

गाडी उचलली, दोन्ही बाजूंना घोड्या लावल्या, जॅक सोडून वजन घोड्यांवर आणलं, गाडी हाताने ढकलून बघितली. हलली नाही. मग चाकं काढली.

पुढचं पाऊल व्हिडिओंमध्ये चार सेकंदांत उरकतात, आणि घोटाळा तिथेच होतो. शॉकअप नुसता झुलणं थांबवत नाही, लटकलेलं चाक किती खाली जाईल तेही तोच धरून ठेवतो. तो सोडवला की बीम खाली झुकतो, स्प्रिंग सुटू शकते, ब्रेकची रबरी नळी ताणली जाते. म्हणून बोल्टला हात लावायच्या आधी त्या बाजूच्या बीमखाली ट्रॉली जॅक लावून किंचित उचलायचं, शॉकअपवरचा ताण जाईल इतपतच. आणि एका वेळी एकच बाजू. दुसऱ्या बाजूचा जुना शॉकअप तोवर पहारा देतो.

पोलोत खाली एक लांब बोल्ट आणि वर, चाकाच्या कमानीत, दोन बोल्ट. आड येणारं प्लास्टिकचं अस्तर तेवढ्यापुरतं मोकळं करून घ्यायचं. (तुमच्या गाडीत वरचा नट डिकीत, कडेच्या कव्हरमागेही असू शकतो.) डावीकडचा खालचा बोल्ट स्प्रे पिऊनही ढिम्म. दादाने पाईपचा तुकडा पान्याला जोडून सगळं वजन टाकलं, आणि जो "कट्ट" आवाज आला, तो ऐकून सेक्रेटरी खुर्चीतून उठले. मला वाटलं, तुटला. सुटला होता.

"अगं, फोटो काढ आधी," वहिनी मला म्हणाली. माझी पोस्ट अधिकृत फोटोग्राफरची. सल्ला खरंच मोलाचा आहे. शॉकअप खाली आला की त्याच्या डोक्यावरचं माउंटिंग, वॉशर, बंप स्टॉपर, कव्हर हे कोणत्या क्रमाने, कोणत्या तोंडाने बसलंय त्याचा फोटो घ्या. अर्ध्या तासाने त्या वॉशरची कुठली बाजू वर होती हे देवालाही आठवणार नाही.

वरचा नट सोडवताना दांडाही नटाबरोबर फिरायला लागतो. दांड्याच्या टोकाला पाना लावायची सोय असते, तिथेच धरायचं. नवीन शॉकअप जोडताना तो चकचकीत दांडा पक्कडीने मुळीच पकडायचा नाही. त्यावर केसाएवढा ओरखडा पडला तरी तो रोज सीलवर घासत राहतो, आणि सहा महिन्यांत तेल बाहेर.

जुना आणि नवा शेजारी ठेवल्यावर मात्र सगळे गप्प झाले. नव्याचा पट्टा कापला तसा तो आपोआप उंच होत गेला, दाबायला वहिनीला अंगाचा भार द्यावा लागला, आणि सोडल्यावर संथपणे पुन्हा वर. गळणारा जुना मावशीने, हो मावशीने, वरून चहा घेऊन आली तेव्हा, एका हाताने दाबला. तो खाली गेला आणि तिथेच बसला. मावशी दादाकडे बघून फक्त एवढंच म्हणाली, "रस्ते ना रे?"

नवा बसवण्यापूर्वी उभा धरून चार-पाच वेळा पूर्ण दाबायचा आणि सोडायचा. आडवा पडून राहिलेला असतो, आतली हवा जागेवर जाते. मग वरचे दोन बोल्ट, मग खालचा. भोक जुळत नसेल तर हातोडी नको, बीमखालचा जॅक थोडा वर-खाली केला की जुळतं.

शेवटचा अर्धा फेरा

वरचे दोन बोल्ट लगेच टॉर्क रेंचने पक्के. खालचा मात्र नाही! हे बऱ्याच हौशी मंडळींना माहीतच नसतं. खालच्या टोकाला रबराचं बुश असतं, आणि बोल्ट आवळला की बुशचा मधला भाग त्याच स्थितीत जखडला जातो. चाक हवेत लटकत असताना आवळलात तर गाडी जमिनीवर आली की ते रबर कायमचं पिळलेलं राहतं, आणि काही महिन्यांत फाटतं. मग तो "खट्ट" आवाज, आणि मग कंपनीला शिव्या. म्हणून खालचा बोल्ट फक्त बेताचा आवळायचा, दुसरी बाजू पूर्ण करायची, चाकं लावायची, गाडी खाली घ्यायची, दोन-चार वेळा डिकी दाबून बसू द्यायची, आणि वजन चाकांवर असताना मागून हात घालून तो शेवटचा जोर द्यायचा. पान्याला जागा पुरत नसेल तर मागची दोन्ही चाकं जाड, रुंद फळ्यांवर चढवा. किती जोर, किती अंश, तो आकडा तुमच्या मॉडेलच्या सर्व्हिस मॅन्युअलमधूनच घ्या. माझ्याकडून किंवा मित्राकडून नको.

चाकाचे बोल्ट आवळताना एक सोडून एक, समोरासमोर. आणि शंभरेक किलोमीटर झाले की पुन्हा एकदा तपासायचे.

पहिली बाजू अडीच तास, दुसरी पन्नास मिनिटं. दुपारी दोनला आम्ही चौघं गाडीत बसलो, मावशी तिच्या जागी मागे. नेहमीच्या स्पीडब्रेकरवरून दादाने गाडी नेली. एकदा खाली, एकदा वर, गप्प. दुसरा स्पीडब्रेकर, तेच. आम्ही आरशातून मावशीकडे बघतोय. ती खिडकीतून बाहेर बघत म्हणाली, "जरा एसी कमी कर रे, गार लागतंय." दिवाळीत ती माणगावला गाडीनेच गेली.

खवल्याखवल्यांचे टायर मात्र नव्या शॉकअपने सरळ होत नाहीत. ते अजून घूं घूं करतात, आणि तो खर्च पुढच्या महिन्यावर ढकललाय. आणि जुने शॉकअप भंगारवाल्याला तसेच देऊ नका. आत तेल आहे, कधीकधी दाबाखालचा गॅसही, आणि भंगारात ते गॅस कटरखाली गेले तर कापणाऱ्याच्या तोंडावर फुटू शकतात. जिथून हत्यारं आणलीत त्या गॅरेजवाल्यांकडेच परत द्या, त्यांना ते रिकामे करायची पद्धत माहीत असते. दादाच्या गाडीचे दोन अजून बाणेरच्या गॅलरीत, तुळशीच्या कुंडीमागे उभे आहेत. आलेल्या प्रत्येक पाहुण्याला वहिनी एकेक दाबायला लावते.